तुर्की आहे, मराठी नाही

गेल्या वर्षी दिवाळीच्या सुट्टीआधी आमच्या आठवीच्या वर्गात दप्तरांची तपासणी चालू होती. एका मुलाच्या वहीच्या पुठ्ठ्याखाली पेनड्राइव्ह सापडला. आम्हांला भलतीच शंका आली. संगणकाला लावून पाहिला तर आत एकच फाईल होती : २०१९ साली आलेला एक तुर्की चित्रपट. तुरुंगात टाकलेला एक भोळा बाप आणि त्याची लहान मुलगी, अशी त्याची गोष्ट. खाली उर्दू सबटायटल्स होती, कोणीतरी हौसेने टंकलेली, चुकांनी भरलेली. चित्रपटाच्या तुर्की नावात 'मूजिझे' हा शब्द आहे. मुलाने तो बरोबर ओळखला होता. म्हणाला, "सर, ये तो अपना मोजिझा है."

आम्ही त्याला चोरीवर पाच मिनिटे ऐकवले. चित्रपट बनवायला किती माणसे राबतात, फुकट उतरवलेल्या प्रतीतून त्यांना काहीच कसे मिळत नाही, हे सगळे सांगितले. त्याने मान खाली घालून ऐकून घेतले आणि शेवटी विचारले, "असली वाली में उर्दू कहाँ है सर? बता दो, मैं वही देखूँगा."

आमच्याजवळ उत्तर नव्हते. शिक्षकाला एखादे उत्तर न येणे नवीन नाही. पण ज्या गोष्टीबद्दल आपण मुलाला नुकतेच दोषी ठरवले, तिचाच योग्य मार्ग आपल्याला सांगता येऊ नये, हे मनाला लागले. प्रस्तुत लेख त्या प्रश्नाच्या शोधातून लिहिला आहे.

त्या रात्री उलव्याच्या घरी आम्ही शोधाला बसलो. ज्या ओटीटी मंचाचे पैसे आम्ही दरमहा भरतो, त्यावर तोच चित्रपट सापडला. सबटायटल्सची यादी उघडली. इंग्रजी होती, अरबी होती, तुर्की तर होतीच. उर्दू नव्हती, मराठी नव्हती. मग सहज म्हणून एक मराठी चित्रपट उघडला आणि त्याची यादी पाहिली. तिथेही तुर्की होती. म्हणजे इस्तंबूलच्या माणसाला मराठी चित्रपट त्याच्या भाषेत वाचत पाहण्याची सोय आहे. उलव्याच्या मराठी माणसाला तुर्की चित्रपट आपल्या भाषेत वाचत पाहण्याची सोय नाही. इतकेच काय, मराठी चित्रपटाखाली मराठी अक्षरेही नव्हती.

आकड्यांचा हिशेब

पहिला विचार येतो तो असा की, तुर्की भाषा मोठी असेल, आपली लहान. हा समज तपासून पाहावा. तुर्कस्तानची लोकसंख्या साधारण साडेआठ कोटी आहे. २०११ च्या जनगणनेत मराठी ही मातृभाषा सांगणारे ८ कोटी ३० लाख लोक होते. म्हणजे दोन्ही बाजू जवळपास सारख्याच. उर्दू मातृभाषा सांगणारे भारतात ५ कोटींहून अधिक आणि त्यांपैकी सुमारे ७५ लाख एकट्या महाराष्ट्रात. तेव्हा डोकी कमी आहेत म्हणून भाषा यादीत नाही, हे कारण टिकत नाही.

खरे कारण गृहीतकात आहे. तुर्की प्रेक्षकाला तुर्कीशिवाय दुसरे काही चालणार नाही, असे व्यापारी धरून चालतो. तिथे शाळा, न्यायालय, दूरदर्शन आणि चित्रपटगृह यांची भाषा एकच आहे. परदेशी चित्रपट तुर्कीत आणल्याशिवाय तो विकला जात नाही. तिथल्या एका प्रतिष्ठित चित्रपटविषयक नियतकालिकाचे नावच 'आल्त्याझी', म्हणजे सबटायटल, असे आहे. ते २००१ साली इस्तंबूलच्या बोआझिची विद्यापीठाच्या आश्रयाने सुरू झाले. ज्या समाजात चित्रपटावरचे मासिक हे नाव धारण करते, तिथे पडद्याखालच्या दोन ओळी ही प्रतिष्ठेची गोष्ट आहे, हे उघड आहे.

मराठी प्रेक्षकाबद्दल मात्र व्यापाऱ्याचे गृहीतक असे की, हा हिंदीवर भागवून घेईल आणि शिकलेला असेल तर इंग्रजीवर. उर्दू प्रेक्षकाबद्दल तर असे की, बोललेले त्याला हिंदीतून कळतेच, मग लिहिलेले कशाला? ही समजूत आपणच त्यांना करून दिली आहे. आपण भागवून घेतो. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला, तेव्हा आमच्या इमारतीच्या व्हॉट्सअॅप गटावर फुलांचे गुच्छ फिरले. त्याच गटावर रोज कोणता ना कोणता चित्रपट हिंदी डबिंगसह कुठे मिळेल याची चौकशी होते. मराठीत मिळेल का, असे अद्याप कोणी विचारलेले नाही. आम्हीही विचारले नव्हते.

सरळ वाटा किती?

आता त्या मुलाच्या प्रश्नाकडे वळू. परभाषेतील चित्रपट कायद्याने पाहण्याच्या वाटा मोजक्या आहेत. वर्गणी भरून पाहायचे ओटीटी मंच, निर्मात्यांनी स्वतः चालवलेल्या यूट्यूब वाहिन्या, चित्रपट महोत्सव आणि फिल्म सोसायट्या.

यांतील पहिल्या वाटेचा एक किस्सा प्रसिद्ध आहे आणि तो एका तुर्की माणसाचाच आहे. एफे चाकारेल हा इझमिरचा तरुण टोकियोतल्या एका कॅफेत बसला होता. त्याला वाँग कार वाय यांचा 'इन द मूड फॉर लव्ह' संगणकावर पाहायचा होता. पैसे मोजायची तयारी असूनही कुठे मिळेना. त्या अनुभवातून त्याने २००७ साली जो मंच उभा केला, तो आज 'मुबी' या नावाने ओळखला जातो. २०१९ पासून तो भारतातही आहे. म्हणजे निवडक चित्रपटांची ही सरळ वाट एका तुर्की प्रेक्षकाच्या अडचणीतून निघाली. आमच्या आठवीच्या मुलाची अडचण तीच होती. फरक इतकाच की, चाकारेलला चित्रपट मिळाला असता तर वाचता आला असता.

फिल्म सोसायट्यांची वाट जुनी आहे. मुंबईचे 'प्रभात चित्र मंडळ' १९६८ पासून हे काम करत आले आहे. अनेक मराठी रसिकांनी जगातले मोठे दिग्दर्शक तिथेच पाहिले. पुण्याचा आंतरराष्ट्रीय महोत्सव २००२ पासून भरतो. गोव्यात इफ्फी २००४ पासून कायम वास्तव्याला आहे. या संस्थांचे ऋण मोठे आहे. पण त्या पडद्यावरही खाली इंग्रजीच असते. इंग्रजी न येणाऱ्या मराठी माणसासाठी जागतिक सिनेमाचे दार अर्धेच उघडे राहिले, असे म्हणावे लागते. ज्यांनी आत जाऊन पाहिले त्यांनी बाहेर येऊन मराठीत लेख लिहिले आणि आपण चित्रपटाऐवजी ते लेख वाचले. आमची पिढी जेलान आणि गुनेय यांना अशीच भेटली, आधी छापील मराठीत आणि पुष्कळ वर्षांनी पडद्यावर.

हौशी लोकांनी केलेली सबटायटल्स हा प्रकार मात्र सरळ वाटेत बसत नाही. चित्रपटाचे संवाद ही लिहिलेली कृती आहे आणि तिच्या भाषांतराचा हक्क मूळ धन्याकडे असतो. आपला १९५७ चा कॉपीराइट कायदा हेच सांगतो. हॉलंडमध्ये हौशी भाषांतरकारांची एक संस्था या प्रश्नावर न्यायालयात गेली होती. २०१७ साली अॅम्स्टरडॅमच्या न्यायालयाने निकाल तिच्या विरुद्ध दिला. आम्ही तो निकाल चुकीचा म्हणत नाही. पण कायद्याने मनाई केलेली ती फाईलच उर्दूत होती आणि पैसे भरून घेतलेली प्रत उर्दूत नव्हती, ही वस्तुस्थिती निकालाने बदलत नाही. आमच्या विद्यार्थ्याने चित्रपट चोरला हे खरे. उर्दू ओळी मात्र त्याला चोराकडेच मिळाल्या, हेही तितकेच खरे.

जे आले आणि जे आले नाही

इथे कोणी म्हणेल, तुर्की मालिका उर्दूत आल्या की! आल्या. २०१५ पासून 'झिंदगी' वाहिनीने 'फेरिहा', 'फातमागुल' या मालिका हिंदी आवाजात दाखवल्या. आमची अम्मी 'फातमागुल' रोज पाहायची. एक अत्याचारित मुलगी न्यायालयापर्यंत जाते ती गोष्ट तिने शेजारणींनाही सांगितली. मग २५ एप्रिल २०२० रोजी, रमजानच्या सुरुवातीला, पाकिस्तानच्या सरकारी दूरचित्रवाणीने 'दिरिलिश : अर्तुग्रुल' उर्दू आवाजात दाखवायला घेतली. ती यूट्यूबवर अधिकृतपणे, मोफत मिळू लागली. टाळेबंदीचे दिवस होते. पाहता पाहता ती इथल्या घराघरांत पोहोचली. आमच्या वर्गातल्या मुलांच्या वह्यांवर घोडे आणि कुऱ्हाडी उमटू लागल्या.

आम्ही त्या मालिकेची टवाळी करणार नाही. निर्मिती दिमाखदार आहे आणि डबिंगने एक काम निश्चित केले : ज्यांना कोणत्याच लिपीत भराभर वाचता येत नाही, त्यांच्यापर्यंत परकी गोष्ट पोहोचवली. पण टीकाकार म्हणून एक विचारणे भाग आहे. तेराव्या शतकातल्या ज्या माणसाबद्दल इतिहासाला फार थोडे ठाऊक आहे, त्याच्यावर पाच पर्वे आपल्यापर्यंत आली. आजच्या तुर्कस्तानातला शाळकरी मुलगा, मोलकरीण, खेड्यातला मास्तर यांपैकी कोण आले? एका सरकारला तलवारीची गोष्ट हवी होती, म्हणून तिच्या भाषांतराचा खर्च झाला. शाळकरी मुलाच्या गोष्टीसाठी खर्च करणारे कोणी नव्हते.

याचा परिणाम मुलांच्या कल्पनेवर होतो, तो आम्ही वर्गात पाहिला आहे. 'आजचा तुर्कस्तान' या विषयावर दहा ओळी लिहायला सांगितल्या, तर निम्म्या मुलांनी तंबू, घोडे आणि टोळीचा सरदार लिहिला. चूक त्यांची नाही. त्यांना जेवढे भाषांतरित झाले तेवढेच माहीत.

जे आले नाही त्याचे एकच उदाहरण घेऊ. सेमिह काप्लानोलू यांच्या 'बाल' या चित्रपटाला २०१० साली बर्लिन महोत्सवात सर्वोच्च सन्मान, सुवर्ण अस्वल, मिळाला. तुर्कीत 'बाल' म्हणजे मध. मराठी वाचकाला नाव ऐकताच लहान मूल आठवेल आणि तेही चुकणार नाही. काळ्या समुद्राकाठच्या डोंगराळ रानातला सहा वर्षांचा यूसुफ हा त्याचा नायक आहे. बाप याकूप उंच झाडांवर पोळी बसवून मध काढतो. घरी बापाजवळ यूसुफ भिंतीवरच्या कॅलेंडरचे पान नीट वाचतो. वर्गात उभा राहिला की त्याची जीभ अडते. चांगले वाचणाऱ्या मुलाच्या छातीवर मास्तर बिल्ला लावतात. यूसुफला तो हवा असतो. मधमाश्या नाहीशा होतात, बाप दूरच्या रानात जातो आणि परत येत नाही. यूसुफ मग बोलणेच सोडतो. त्याला दूध आवडत नाही. बाप ते गुपचूप पिऊन टाकत असे. एक दिवस दुःखात बसलेल्या आईसाठी तो स्वतः पेला संपवतो. चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. पाऊस, पाने, पावले आणि माश्या एवढेच ऐकू येते.

मराठीत नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' २०१३ सालचा. त्यातल्या जब्यालाही शाळा आहे आणि शाळेबाहेर वाट पाहणारी लाज आहे. जब्या शेवटी दगड उचलतो, यूसुफ गप्प होतो. दोघांच्या समाजांत अंतर आहे, दुःखाची जातही वेगळी आहे. जब्याचे दुःख गावाने दिलेले, यूसुफचे नियतीने. तरी हे दोन चित्रपट एका आठवड्यात एकाच वर्गाला दाखवता आले असते, तर वर्गातल्या मागच्या बाकावर कोण का गप्प बसते, यावर मुले बोलली असती. बी.एड.च्या वर्षभरात बालमानसशास्त्राची जी टिपणे आम्ही पाठ केली, त्यांत असे काही नव्हते.

दोन ओळींत न मावणारे

'बाल' आम्हांला अखेर एका मंचावर मिळाला, इंग्रजी सबटायटल्ससह. अम्मी शेजारी येऊन बसली. ती उर्दू सातवी शिकलेली. नस्तालीक वाचते, देवनागरी अडखळत, इंग्रजी नाही. म्हणून आम्ही इंग्रजी वाचायचे आणि तिच्या कानाशी आमच्या घरच्या बोलीत सांगायचे, असे ठरले.

चित्रपटात एके ठिकाणी यूसुफ बापाला स्वप्न सांगू लागतो. बाप म्हणतो, स्वप्न मोठ्याने सांगायचे नसते, कानात सांग. पडद्याखाली ती इंग्रजी ओळ आली आणि गेली. आम्ही ती सांगण्याआधीच अम्मी म्हणाली, "याकूब आनि यूसुफ हायत ते. कुनाला सांगू नको बोलनारच." सूरह यूसुफमध्ये हजरत याकूब मुलाला स्वप्न भावांना सांगू नकोस म्हणतात, ते तिला लहानपणापासून ठाऊक. दिग्दर्शकाने ठेवलेली ही नावे इंग्रजी वाचकाला केवळ दोन तुर्की नावे वाटण्याचा संभव आहे. म्हणजे ज्या प्रेक्षकाला ही जागा सर्वांत लवकर कळते, त्याच्यासाठी या चित्रपटाखाली एकही ओळ नाही.

सबटायटलची कला अवघड आहे हे मान्य. पडद्यावर साधारण दोन ओळी, एकेका ओळीत चाळिसेक अक्षरे आणि वाचायला फार तर सहा-सात सेकंद. भाषांतरकाराला काहीतरी सोडावेच लागते. काय सोडायचे, हे तो कोणत्या भाषेत उतरवतो त्यावर ठरते. तुर्कीत काम करणाऱ्याजवळून जाताना 'कोलाय गेल्सिन' म्हणतात, म्हणजे तुझे काम सोपे होवो. इंग्रजीत ते बहुधा साधे अभिवादन होऊन जाते. सैन्यात निघालेला मुलगा किंवा अंथरुणाला खिळलेला म्हातारा 'हाक्किनी हेलाल एत' म्हणतो. इंग्रजीत 'मला माफ कर' एवढे उरते. आपल्याकडे हजला निघालेली माणसे दारोदार जाऊन "कहा-सुना माफ करो, हक माफ करो" म्हणतात. तुर्की वाक्यातला हक आणि हलाल हे दोन्ही शब्द उर्दूत जसेच्या तसे उतरतात. मराठीतही 'हक्क' आहेच. तुर्की ते इंग्रजी आणि इंग्रजी ते आम्ही, अशा फेऱ्यात तो हक्क वाटेत गळून पडतो.

शब्दांचे हे नाते फसवेही आहे, हे सांगायला हवे. तुर्कीत 'हेसाप' म्हणजे आपला हिशेब आणि 'दुक्कान' म्हणजे दुकान, इथपर्यंत ठीक. पण 'देफ्तेर' म्हणजे वही. उर्दूत दफ्तर म्हणजे कचेरी आणि मराठीत दप्तर म्हणजे पाठीवरची पिशवी. एकच शब्द तीन घरांत तीन कामे करतो. १९२८ साली तुर्कस्तानने अरबी लिपी सोडून लॅटिन लिपी घेतली आणि पुढे जुने शब्दही बाजूला सारले. 'मुअल्लिम' गेला, 'ओरेत्मेन' आला. 'मेक्तेप' गेला, 'ओकुल' आला. आजच्या चित्रपटात यूसुफचा मास्तर आपल्याला मुअल्लिम म्हणून भेटत नाही. तेव्हा "हे सगळे आपलेच आहे" म्हणत भाषांतर उरकणेही चूक ठरेल. कोणत्या शब्दाला आपला म्हणायचे आणि कोणत्याला परका राहू द्यायचे, हे ठरवायला तुर्की, उर्दू आणि मराठी तिन्ही जाणणारी माणसे लागतील.

२०२० ची 'बिर बाश्कादिर' ही बेर्कुन ओया यांची मालिका याच दृष्टीने पाहण्याजोगी आहे. डोक्याला रुमाल बांधणारी मेर्येम लोकांच्या घरी सफाई करते. तिला घेरी येते म्हणून ती मानसोपचारतज्ज्ञ बाईकडे जाते. त्या बाईंना तिच्या रुमालाचीच अडचण वाटते. तिकडे जावे की नाही याबद्दल मेर्येम वस्तीतल्या होजाचाही विचार घेते. मराठी मुस्लिम वाचकाला यातला एकही माणूस अनोळखी वाटणार नाही. बाहेरच्या जगासाठी मालिकेचे नाव 'इथॉस' असे झाले. मूळ नावात 'याची बातच वेगळी' असा घरगुती जिव्हाळा आहे. इंग्रजी नावात तो राहिला नाही. आणि मेर्येमचे काम करणाऱ्या आमच्या वस्तीतल्या बायकांना ना मूळ नाव वाचता येते ना बदललेले.

मग शिक्षकाने काय करावे?

टीका इथे थांबवली तर ते रडगाणे होईल. म्हणून काही गोष्टी नोंदवतो.

पहिली गोष्ट कायद्याची. कॉपीराइट कायद्याच्या ५२ व्या कलमात शिक्षणसंस्थेला सवलत आहे. संस्थेच्या कामकाजाचा भाग म्हणून चित्रपट दाखवला आणि प्रेक्षक म्हणून केवळ कर्मचारी, विद्यार्थी, त्यांचे पालक व संस्थेशी संबंधित लोक असतील, तर तो हक्कभंग ठरत नाही. ही तरतूद शिक्षकखोलीत फारशी कोणाला ठाऊक नव्हती. मात्र एक खोच आहे. ओटीटीची वर्गणी घेताना आपण ज्या अटी मान्य करतो त्यांत सहसा 'केवळ घरगुती वापरासाठी' असे असते. कायदा हो म्हणतो आणि करार नाही म्हणतो. म्हणून योग्य मार्ग म्हणजे विकत घेतलेली अधिकृत डीव्हीडी, नाहीतर हक्कधारकाची लेखी परवानगी.

दुसरी गोष्ट वाचनाची. अहमदाबादच्या आयआयएममधून ब्रिज कोठारी यांनी १९९६ च्या सुमारास एक साधी कल्पना मांडली : दूरदर्शनवरच्या गाण्याखाली त्याच भाषेतली अक्षरे उमटवा, लोक गाता गाता वाचायला शिकतील. १९९९ मध्ये गुजरातीत तिचा प्रयोग दूरदर्शनवर झाला. मराठी चित्रपटाखाली मराठी अक्षरे असावीत, ही मागणी कर्णबधिरांसाठी आहे तशीच ती आमच्या उर्दू माध्यमाच्या मुलांसाठीही आहे. त्यांना मराठी ऐकून समजते, वाचताना ती अडतात. दहावीच्या मराठीच्या पेपरात त्यांचे गुण तिथेच जातात. अमुक मंचाने तुर्की दिली म्हणून आमची तक्रार नाही. तुर्कीच्या खाली अजून एक ओळ मावते, एवढेच म्हणणे आहे.

तिसरी गोष्ट आपल्या जुन्या रिवाजाची. मूकपटांच्या काळी पडद्यावर पाट्या येत. वाचता न येणाऱ्यांसाठी थिएटरात कोणीतरी त्या मोठ्याने वाचून दाखवी. अम्मीच्या कानाशी आम्ही जे करत होतो ते त्याहून निराळे नव्हते. सबटायटल येईपर्यंत ज्याला येते त्याने ज्याला येत नाही त्याला वाचून दाखवावे. हे काम लहान आहे, पण ते करायला कोणाची परवानगी लागत नाही. मुस्लिम मराठी लेखकांत तीन-तीन भाषांत वावरणारी माणसे आहेत. आपण कथा-कवितांची भाषांतरे करतो, त्यांचे मेळावे भरवतो. चित्रपटाच्या संवादांचे भाषांतर हेही साहित्याचे काम आहे, हे आपण अजून मान्य केलेले नाही. मान्य केले, तर हक्कधारकाकडे आणि मंचाकडे मागणी करायला आपल्या हातात काहीतरी असेल.

आमच्यापुरते सांगायचे तर आम्ही एका वितरण कंपनीला पत्र लिहिले : शाळेत एकदा 'बाल' दाखवू द्या, मोबदल्यात उर्दू आणि मराठी सबटायटल्स आम्ही विनामूल्य करून देतो. उत्तर आलेले नाही. मध्यंतरी तो चित्रपट ज्या मंचावर होता तिथून निघूनही गेला. ओटीटीवरचे चित्रपट भाड्याच्या घरात राहतात. मुदत संपली की जातात.

पण अभ्यासासाठी म्हणून आम्ही एका वहीत संवाद उतरवायला घेतले आहेत, डाव्या पानावर उर्दू आणि उजव्या पानावर मराठी. परवानगी मिळाली तर काम तयार असावे. नाही मिळाली तर वही कपाटात राहील, ती कोठेही चढवायची नाही, हे ठरवले आहे.

पेनड्राइव्हचा तो मुलगा आता नववीत आहे. मधल्या सुट्टीत त्याला बोलावून आम्ही कबूल केले की, त्याच्या प्रश्नाचे उत्तर अजून सापडलेले नाही. असली प्रतीत उर्दू नाही. आणि ती वही त्याला दाखवली. पहिल्या पानावर पात्रांची ओळख लिहिली होती : यूसुफ, उम्र छह साल, हकलाता है. त्याने ती ओळ दोनदा वाचली. मग म्हणाला, "सर, हकला बोल के तो चिढ़ाते हैं. अटकता है, लिखो ना."

आम्ही ते खोडून 'अटकता है' लिहिले. समोरच्या मराठी पानावर 'तोतरा' होते. तेही खोडले आणि लिहिले, 'बोलताना अडतो'.